तीन अनारकली आणि एक सुलोचना

'सुलोचना' म्हटले की मराठी माणसाला सुलोचनाबाई लाटकर आठवतात. 'वहिनींच्या बांगड्या'मधल्या वहिनी, आणि पुढे हिंदी पडद्यावर धर्मेंद्रपासून अमिताभ बच्चनपर्यंत कितीतरी नायकांच्या आई. त्यांच्या पाव शतक आधी याच नावावर मुंबईची थिएटरे भरत होती. ती सुलोचना म्हणजे रूबी मायर्स. जन्म 1907, पुणे. मूकपटांच्या काळातली आपल्याकडची सर्वात मोठी नायिका, आणि दादासाहेब फाळके पुरस्कार मिळवणारी दुसरी स्त्री.

तिची गोष्ट सांगायची वेळ आली की सगळे एकाच वाक्यात उरकतात. मूकपटाची राणी होती, बोलपट आला, हिंदी बोलता येईना, संपली. वाक्य ठसठशीत आहे, पण खरे नाही. बोलपट आला 1931 मध्ये आणि सुलोचना त्यानंतरही सात-आठ वर्षे बिनीची नायिका होती. चरित्र भूमिका धरल्या तर 1970च्या दशकातही ती कॅमेऱ्यासमोर उभी होती. मग ती मागे का पडली? याचे उत्तर तिच्या जिभेपेक्षा त्या काळच्या सिनेमाच्या धंद्यात अधिक सापडते.

सुरुवात थोडी मागून करायला हवी. 1912 मध्ये 'राजा हरिश्चंद्र'ची जुळवाजुळव चालू असताना फाळक्यांना तारामती मिळेना. जाहिराती दिल्या, विचारपूस केली, नाचगाण्याच्या वस्तीतही चौकशी केली. तिथल्या बायकांनीही नकार दिला. शेवटी ग्रँट रोडवरच्या एका खाणावळीत काम करणारा अण्णा साळुंके हा तरुण मिशी काढून तारामती झाला. 1913 च्या मे महिन्यात कॉरोनेशन थिएटरात तो चित्रपट लागला, तेव्हा प्रेक्षकांना त्यात काही वावगे वाटले नाही. नाटकातही लुगडे नेसलेले पुरुषच बघायची त्यांना सवय होती. त्याच वर्षी फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला या मायलेकी पडद्यावर आल्या. ही कमला म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले. वाट फुटली खरी, पण तिच्यावरून लगेच कोणी चालू लागले नाही. घरंदाज हिंदू किंवा मुसलमान घरातली मुलगी सिनेमात पाठवणे म्हणजे घराण्याला बट्टा, ही समजूत पुढची वीस वर्षे हलली नाही.

मूकपटाला तर बायका हव्याच होत्या. त्या आल्या अँग्लो-इंडियन आणि ज्यू घरांतून. या समाजांत पडदा नव्हता, मुली इंग्रजी शाळेत जात, नोकरी करत आणि महिन्याचा पगार घरी आणत. पडद्यावर मात्र बहुतेकींना हिंदू नावे मिळत. रेने स्मिथची सीता देवी झाली, आयरिस गॅस्परची सविता देवी, बेरिल क्लासेनची माधुरी, आणि पुढे एस्थर अब्राहमची प्रमिला. प्रेक्षकाला पडद्यावर राजकन्या हवी होती. त्या राजकन्येचे आडनाव स्मिथ आहे, हे त्याला न कळलेलेच बरे, असा कंपन्यांचा हिशेब होता.

रूबी मायर्स यातलीच, बगदादी ज्यू घराण्यातली. आपल्या कोकणातले बेने इस्रायली म्हणजे शनिवार तेली. त्यांची घरची बोली मराठी. बगदादी ज्यू निराळे. पुण्याच्या कॅम्पातले लाल देऊळ ज्या डेव्हिड ससूनने बांधले, त्याचा हा समाज. बगदादकडून व्यापारासाठी आलेला आणि दोन पिढ्यांत इंग्रजी बोलू लागलेला. हा फरक ध्यानात ठेवायला हवा, कारण पुढे त्यावर बरेच काही अवलंबून होते. पुण्यात जन्मलेल्या या मुलीचे जग इंग्रजीत चालायचे.

पोटासाठी ती टेलिफोन ऑपरेटर झाली होती. त्या काळी फोनचा नंबर आपला आपण फिरवता येत नसे. एक्स्चेंजमध्ये लांबलचक बोर्डासमोर मुली रांगेने बसत, कानाला यंत्र आणि हातात दोरीला जोडलेला प्लग. समोर खूण झाली की प्लग भोकात खोचायचा, 'नंबर प्लीज' म्हणायचे आणि ऐकलेल्या नंबराच्या भोकात दुसरा प्लग खोचून दोन माणसे जोडून द्यायची. दिवसभर हेच. या नोकरीत चेहरा कोणाला दिसत नसे, फक्त आवाज ऐकू जाई. आणि रूबीला पुढे जे काम मिळाले त्यात चेहराच काय तो दिसायचा, आवाज कोणालाही ऐकू जायचा नाही.

हे काम घेऊन आले मोहन भवनानी. कोहिनूर फिल्म कंपनीचे हे तरुण दिग्दर्शक परदेशात शिकून आलेले होते. सिनेमा म्हणजे मुलीच्या जातीला नको ते क्षेत्र, अशा समजुतीने रूबीने आधी त्यांना नाही म्हटले. भवनानींनी पिच्छा सोडला नाही, तेव्हा ती तयार झाली. अभिनयाचा गंध नव्हता. ना नाटक केलेले, ना गाणे शिकलेले. नाव मिळाले सुलोचना. इंद्रजिताच्या पत्नीचे, म्हणजे घरोघरी ओळखीचे. 1925 च्या 'वीरबाला'पासून ते पडद्यावर झळकू लागले.

कोहिनूर ही द्वारकादास संपत यांची कंपनी, दादरला स्टुडिओ असलेली. त्या वेळी पौराणिक चित्रपटांचा भर ओसरून 'सोशल', म्हणजे आजच्या काळातल्या कथा, जोर धरू लागल्या होत्या. अशा कथेला रस्त्यावर वावरणारी, नोकरी करणारी, फ्रॉक घालणारी नायिका लागते, आणि ती सुलोचनाच्या रूपाने आयती मिळाली. 1926 या एका वर्षातली नावे बघा: 'टेलिफोन गर्ल', 'टायपिस्ट गर्ल', 'सिनेमा क्वीन'. होमी मास्टरच्या 'टेलिफोन गर्ल'मध्ये ती चक्क टेलिफोन ऑपरेटर झाली. वर्षा-दोन वर्षांपूर्वी पगारासाठी जे केले तेच आता कॅमेऱ्यासमोर करायचे. 'टायपिस्ट गर्ल' चंदुलाल शहा या शेअर बाजारातून आलेल्या तरुणाने 17 दिवसांत हातावेगळा केला. त्यात सुलोचनाच्या जोडीला गोहर होती. या गोहरचे नाव पुढे पुन्हा येणार आहे.

मूकपटाचे शूटिंग कसे चाले हे समजले की तिची ताकद कशात होती तेही कळते. स्टुडिओला छप्पर असे किंवा नसे, भिस्त उन्हावर. कॅमेरा हाताने फिरवायचा. शॉट चालू असताना दिग्दर्शक ओरडून सांगत राही: आता वळ, आता दचक, आता रड. नायिकेने इंग्रजीत उत्तर दिले काय आणि गुजरातीत दिले काय, कोणाला फरक पडत नसे. संवाद पाट्यांवर येत, त्याही दोन-तीन भाषांत. थिएटरात पाटी आली की वाचता येणारा मोठ्याने वाची आणि बाकीचे ऐकत. पडद्यापुढे पेटी-तबला वाजे. अशा सिनेमात डोळे, मान, हात आणि चाल एवढेच भांडवल. सुलोचनाकडे ते भरपूर होते. शिवाय नाटकातून आलेल्या नटनट्यांच्या अंगात मुरलेले अवाजवी हातवारे तिच्याकडे नव्हते, कारण ती नाटकातून आलीच नव्हती.

अर्देशिर इराणींनी 1926 मध्ये इंपीरियल फिल्म कंपनी काढली. भवनानी आणि सुलोचना दोघेही तिकडे गेले. 1927 चा 'वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे' हा भवनानींचाच. त्यात तिने आठ सोंगे काढली: माळी, पोलीस, हैदराबादी गृहस्थ, रस्त्यावरचे पोर, गोरी मडम, म्हातारी केळेवाली, तरबेज खिसेकापू वगैरे. पंधरा वर्षांपूर्वी बाईचे काम करायला पुरुष शोधावा लागला होता. आता एक बाई पुरुषांची सोंगे काढते म्हणून लोक तिकीट काढत होते.

मग आले दिग्दर्शक आर. एस. चौधरींचे तीन चित्रपट. 1928 मध्ये 'माधुरी' आणि 'अनारकली', 1929 मध्ये 'इंदिरा बी.ए.'. तिची मूकपटातली कीर्ती या तिन्हींनी शिगेला नेली. 'अनारकली'ची कथा तर खुद्द सिनेमाच्या कथेसारखी. लाहोरच्या इम्तियाज अली ताज यांच्या नाटकावरून ग्रेट ईस्टर्न कंपनी 'द लव्ज ऑफ अ मुघल प्रिन्स' नावाचा थाटाचा चित्रपट काढत होती. त्यात अनारकली होती सीता देवी, म्हणजेच रेने स्मिथ. इराणींना याचा सुगावा लागला. चौधरींनी झपाट्याने आपली अनारकली उभी केली आणि ती आधी पडद्यावर नेली. सुलोचना अनारकली, दिनशा बिलिमोरिया सलीम. मागून आलेल्या भपकेबाज चित्रपटाची हवा तोवर निघून गेली होती. एकाच दासीची कथा, दोन कंपन्यांची शर्यत, आणि दोन्ही अनारकली घरी इंग्रजी बोलणाऱ्या!

या काळात तिच्याविषयी एक गोष्ट सर्रास सांगितली जाई: सुलोचनाला मुंबईच्या गव्हर्नरपेक्षा जास्त पगार आहे. ती आजही छापली जाते. हिशेब केला तर ती टिकत नाही. तिचा पगार महिना 5000 रुपये सांगतात, आणि 1935 च्या कायद्यात मुंबईच्या गव्हर्नरचा पगार होता वर्षाला 1,20,000, म्हणजे महिना 10,000. लोकांनी तिला दुप्पट बढती देऊन टाकली होती. पण 5000 हा आकडाही तोंडात बोट घालायला लावणारा आहे. गिरणीतला कामगार महिन्याला तीस-पस्तीस रुपयांच्या आसपास घरी नेत होता तो हा काळ. तिच्या दारात 1935 ची शेव्हरोले उभी असे. टेलिफोन एक्स्चेंजमधल्या मुलीला हे मिळाले, यात गव्हर्नरला न ओढताही पुरेसे नवल आहे.

कीर्तीची याहून खरी साक्ष एका छोट्या फिल्ममध्ये आहे. महात्मा गांधी एका खादी प्रदर्शनाचे उद्घाटन करत आहेत, असा वार्तापट थिएटरात दाखवायचा होता. त्याच्या जोडीला 'माधुरी'मधला सुलोचनाचा गाजलेला नाच, त्यावर आवाज चढवून, दाखवला गेला. खादी आणि सुलोचना एकाच खेळात. गांधीजींना सिनेमाचे वावडे होते हे जगजाहीर आहे. थिएटरवाल्याला मात्र दोन्ही नावांची किंमत ठाऊक होती. आणि लक्षात घेण्यासारखे हे की आवाजाचा हा प्रयोग करायलासुद्धा मूकपटाची राणीच निवडली गेली.

14 मार्च 1931 रोजी गिरगावातल्या मॅजेस्टिक सिनेमात 'आलम आरा' लागला. तिकिटांसाठी पोलीस बोलवावे लागले एवढी झुंबड. चित्रपट इंपीरियलचा, म्हणजे सुलोचनाच्याच कंपनीचा. केनेडी ब्रिजजवळच्या त्या स्टुडिओच्या बाजूने आगगाड्या धडधडत जात. माईकला ती खडखड नको म्हणून गाड्या थांबल्यावर, मध्यरात्रीनंतर, शूटिंग करावे लागे. नायक होते मास्टर विठ्ठल, आणि नायिका जुबेदा. कंपनीची सर्वात महागडी नटी त्या चित्रपटात नव्हती. लोकांना कुजबुजायला एवढे पुरेसे होते.

अडचण खरी होती. आता नायिकेला हिंदुस्थानी बोलता यायला हवी होती, तीही उर्दूच्या वळणाची, शब्द स्वच्छ आणि खणखणीत. पार्श्वगायनाची पद्धत रुळायची होती, म्हणजे गाणेही बहुधा स्वतःच म्हणायचे. घरात इंग्रजी बोलणाऱ्या कितीतरी मुलींची कारकीर्द इथेच आटोपली. सुलोचनाने वर्षभर काम बाजूला ठेवले आणि हिंदुस्थानी शिकून घेतली. पंचविशीच्या आतबाहेर असलेली, देशभर नाव झालेली बाई पुन्हा पाटी-पेन्सिल घेऊन बसली. 1932 मध्ये ती परतली ती बोलक्या 'माधुरी'तून. तीच कथा, तीच नायिका, फक्त आता ती बोलत होती. लोकांना ऐकायचे होतेच. चित्रपट चालला.

मग इंपीरियलने तिच्या जुन्या यशांची रांगच लावली. 'इंदिरा बी.ए.'ची 1934 मध्ये 'इंदिरा एम.ए.' झाली. मूकपटातून बोलपटात येताना नायिकेने एक पदवी वाढवून घेतली! दिग्दर्शक होते नंदलाल जसवंतलाल. 1935 मध्ये चौधरींनी दुसऱ्यांदा 'अनारकली' काढली, याच नायक-नायिकेला घेऊन. 1936 मध्ये 'वाइल्डकॅट'ची 'बंबई की बिल्ली' झाली. दिनशा बिलिमोरिया आणि सुलोचना या जोडीचे नाव पोस्टरवर असले की दुसरे काही लिहायची गरज नव्हती. 1933 ते 1939 या काळात ती त्याच्याच जोडीने पडद्यावर आली. पडद्याबाहेरही दोघांचे सूत जुळल्याचे सगळ्यांना माहीत होते.

एवढे सारे बोलपट आल्यानंतरचे आहे. म्हणून बोलपटाने तिला संपवले हे म्हणणे तारखांपुढे टिकत नाही. भाषेची परीक्षा ती पास झाली होती.

पण या यादीकडे पुन्हा एकदा बघा. 'माधुरी', 'इंदिरा', 'अनारकली', 'बिल्ली'. सगळेच जुने माल, नव्या वेष्टनात. इंपीरियलला तिच्यासाठी नवे काही सुचत नव्हते, किंवा सुचवून घ्यायचे नव्हते. बाहेर तर जग बदलत होते. 1932 मध्ये कोल्हापुरात प्रभातने 'अयोध्येचा राजा' काढला आणि त्यात तारामती झाल्या दुर्गा खोटे. वकिलाच्या घरातल्या, कॉलेजात गेलेल्या, शुद्ध मराठी-हिंदी बोलणाऱ्या. गंमत अशी की 1931 मध्ये त्यांना 'फरेबी जाल'मध्ये पहिले छोटे काम दिले होते ते याच मोहन भवनानींनी, म्हणजे रूबीला टेलिफोनवरून उठवून आणणाऱ्या माणसाने. ज्या तारामतीसाठी फाळक्यांना खाणावळीत जावे लागले होते, ती वीस वर्षांनी चांगल्या घरातून चालत आली. मागोमाग शांता आपटे, लीला चिटणीस, शोभना समर्थ आल्या. कलकत्त्याला न्यू थिएटर्स, मालाडला देविका राणींची बॉम्बे टॉकीज. दुर्गाबाई आणि शांताबाईंसारख्यांना एका वर्षाची रजा काढून भाषा शिकावी लागत नव्हती. सुलोचनाच्या पिढीने ज्या जागा भरून काढल्या होत्या, त्या जागांवर आता दावेदार उभे राहिले.

दुसरे कारण पैशाचे, आणि माझ्या मते ते अधिक मोठे. त्या काळी नट-नट्या कंपनीच्या पगारी नोकर असत. पगार कितीही मोठा असला तरी चित्रपट कंपनीचा, नफा कंपनीचा, पुढचा चित्रपट कोणता हे ठरवणारी कंपनीच. कंपनी तगली तर तारा तगला. इंपीरियल तगली नाही. 1937 मध्ये 'किसान कन्या' हा देशी बनावटीचा पहिला रंगीत चित्रपट काढूनही तिचा डोलारा सावरला नाही, आणि 1938 मध्ये तो कोसळला. सुलोचनाच्या नायिकापदाचा शेवट त्याच्याच आगेमागे होतो. 1939 च्या 'प्रेम की ज्योत'नंतर तिची आणि बिलिमोरियाची जोडी फुटली, घरीही आणि पडद्यावरही. त्यानंतर दोघांनाही पूर्वीची जागा मिळाली नाही.

तिला हा धोका दिसला नव्हता असे नाही. तिशीच्या दशकाच्या मध्यात तिने 'रूबी पिक्स' नावाची स्वतःची संस्था काढली होती. नाव स्वतःचे, सुलोचना नव्हे, रूबी. पण संस्था रुजली नाही. इथे गोहरची आठवण होते. 'टायपिस्ट गर्ल'मध्ये दोघी एकत्र होत्या. गोहर 1929 मध्ये चंदुलाल शहांबरोबर रणजित कंपनीची भागीदार झाली. पुढे रणजितमध्ये शेकड्यांनी माणसे कामाला होती, आणि पडद्यावरून दूर झाल्यावरही गोहर मालकीण राहिली. सुलोचनाने पगार घेतला, मोठा घेतला. मालकी मात्र तिच्या हाती कधी टिकली नाही. दोघींच्या उत्तरायुष्यातला फरक मुख्यतः एवढाच आहे.

चाळीसचे दशक तिला कठीण गेले. बोलावणी कमी, भूमिका दुय्यम. त्यात 'जुगनू'चे प्रकरण झाले. 1947 च्या या चित्रपटात दिलीपकुमार आणि नूरजहाँ ही तरुण जोडी, कथा कॉलेजातली. त्यात एक वयस्क प्राध्यापक सुलोचनाच्या भूमिकेवर भाळतो असा उपकथेचा धागा होता. मुंबई प्रांताचे गृहमंत्री मोरारजी देसाई यांना हे नीतीला धरून वाटले नाही, आणि चित्रपटावर बंदी आली. वीस वर्षांपूर्वी तिच्या नाचाची फिल्म गांधीजींच्या शेजारी बिनबोभाट दाखवली गेली होती. आता चाळिशीला आलेल्या बाईवर पडद्यावर कोणी भाळू नये, असा स्वतंत्र भारताच्या राज्यकर्त्यांचा आग्रह होता.

आणि मग 1953. फिल्मिस्तानने तिसरी 'अनारकली' काढली. बीना राय अनारकली, प्रदीपकुमार सलीम. संगीत आपल्या चितळकरांचे, म्हणजे सी. रामचंद्रांचे. लताबाईंच्या गाण्यांनी देश वेडा झाला आणि चित्रपट त्या वर्षीच्या सर्वाधिक चाललेल्यांपैकी एक ठरला. दिग्दर्शक कोण? नंदलाल जसवंतलाल. 'इंदिरा एम.ए.'मध्ये जिला नायिका म्हणून उभी केली होती, तिला एकोणीस वर्षांनी त्यांनी पुन्हा बोलावले. या वेळी सलीमच्या आईच्या भूमिकेसाठी. दोनदा अनारकली झालेली सुलोचना आता जोधाबाई होऊन नव्या अनारकलीसमोर आली.

हा दैवदुर्विलास म्हणून सांगायची पद्धत आहे. मला तो तसा वाटत नाही. 1928 मध्ये एका अनारकलीने दुसरीवर मात केली होती, आणि सुलोचना जिंकणाऱ्या बाजूला होती. 1953 मध्येही शर्यत होतीच. के. आसिफ यांनी 'मुघल-ए-आझम'चा घाट चाळिशीच्या दशकातच घातला होता. तो पुरा व्हायला 1960 उजाडले. फिल्मिस्तानची अनारकली सात वर्षे आधी येऊन पैसे करून गेली. याही वेळी सुलोचना पहिल्या आलेल्या चित्रपटातच होती. 'मुघल-ए-आझम'ची जोधाबाई होत्या दुर्गा खोटे. टेलिफोन एक्स्चेंजमधून आलेली एक आणि वकिलाच्या घरातून आलेली दुसरी. तिशीच्या दशकात एकीची जागा दुसऱ्या पिढीने घेतली असे वाटले होते; पन्नाशीच्या आसपास दोघी एकाच भूमिकेत येऊन पोहोचल्या. आईची भूमिका हा काही कोणा एकीचा पराभव नव्हता. त्या काळच्या हिंदी सिनेमात नायिकेला वय झाल्यावर मिळणारी तीच एक नोकरी होती.

सुलोचनाने ती नेटाने केली. त्याच वर्षी गुरुदत्तच्या 'बाझ'मध्ये ती दिसली. पुढे 'नील कमल', 'ज्युली', 'खट्टा मीठा' असे चित्रपट येत गेले. गोव्याच्या किंवा अँग्लो-इंडियन घरातली म्हातारी, कोणाची तरी आंटी, पार्टीतली पाहुणी. कधी दोन प्रवेश, कधी चार वाक्ये. पडद्यावरचे नाव तेच राहिले, आणि तोवर मराठी-हिंदी पडद्यावर दुसऱ्या सुलोचनेचा जम बसल्यामुळे गोंधळ होऊ लागला. श्रेयनामावलीत नाव वाचणाऱ्या तरुण प्रेक्षकाला ही कोण ते कळतही नसे.

1973 चा दादासाहेब फाळके पुरस्कार तिला जाहीर झाला. हा पुरस्कार 1969 मध्ये सुरू झाला तेव्हा पहिल्या मानकरी देविका राणी होत्या. त्यानंतर बी. एन. सरकार, पृथ्वीराज कपूर, पंकज मलिक, आणि पाचवी सुलोचना. ज्या माणसाला तारामतीसाठी बाई मिळाली नव्हती, त्याच्या नावाचा पुरस्कार. दुर्गा खोटे यांना तोच पुरस्कार 1983 सालचा मिळाला. 10 ऑक्टोबर 1983 रोजी मुंबईत सुलोचनाचे निधन झाले. पडद्यावर आल्याला तेव्हा 58 वर्षे होत आली होती.

तिच्याविषयीचा सोपा समज इतका पक्का का बसला, याचे एक कारण साधे आहे: पुरावा उरलेला नाही. मूकपट नायट्रेटच्या फिल्मवर असत. ती पेट घेई, कुजे, आणि चित्रपट उतरला की तिच्यातली चांदी काढायला विकलीही जाई. त्या काळात आपल्याकडे तेराशेच्या आसपास मूकपट झाले. त्यातले आज हाताला लागतात ते मूठभर, तेही बरेचसे तुकड्यांत. ज्या चित्रपटांनी तिला राणी केले ते पाहून मत बनवण्याची सोय आपल्याला नाही. मग दंतकथेला रान मोकळे सापडते: गव्हर्नरचा पगार, मोटार, प्रेमप्रकरण, बोलपट आणि ऱ्हास.

उरलेल्या तारखा मात्र वेगळे बोलतात. 1925 ते 1931 मूकपटाची नायिका. 1932 ते 1939 बोलपटाची नायिका. त्यानंतर चार दशके चरित्र नटी. बोलपटाने तिचे एक वर्ष घेतले. तिला मागे सारले ते कंपनी बुडाल्याने, नायिकेची व्याख्या बदलल्याने आणि स्वतःची मालकी न टिकल्याने. यातले पहिले तिच्या हातात नव्हते, दुसरे कोणाच्याच हातात नव्हते, आणि तिसऱ्यासाठी तिने प्रयत्न केला होता. आपल्या सिनेमाच्या इतिहासात तिला 'बोलपटाचा बळी' म्हणून नोंदवणे अन्यायाचे आहे. ती स्टुडिओ पद्धतीची सर्वात महागडी नोकरदार होती, आणि ती पद्धत मोडल्यावरही काम करत राहिलेल्या फार थोड्यांपैकी एक होती.

1953 ची 'अनारकली' आजही पाहायला मिळते. गाण्यांसाठी बहुतेकांनी पाहिलीही असेल. पुन्हा लावाल तेव्हा बीना रायवरून थोडी नजर काढून जोधाबाईकडे बघा. या कथेचे तीन अवतार आतून पाहिलेली त्या चित्रपटातली नटी तीच आहे.